बंदूक आणि माणूस यांच्यामधले अंतर : अमेरिकी शस्त्रकायद्यांची पार्श्वभूमी

अमेरिकेतील बंदुकांचा विषय निघाला की मराठी वाचकाच्या डोळ्यांपुढे शाळेतील गोळीबार उभा राहतो, आणि ते स्वाभाविक आहे, कारण आपल्याकडच्या वर्तमानपत्रांपर्यंत पोहोचते ती तीच बातमी. मात्र २०२१ साली त्या देशात बंदुकीमुळे जे ४८,८३० मृत्यू नोंदले गेले, त्यांपैकी २६,३२८ आत्महत्या होत्या आणि २०,९५८ खून. म्हणजे निम्म्याहून अधिक माणसे कोणताही गाजावाजा न होता, बहुधा स्वतःच्याच घरात गेली. ही त्या एका वर्षाची गोष्ट नव्हे. गेली अनेक दशके जवळपास दर वर्षी आत्महत्यांचा आकडा खुनांपेक्षा मोठा राहिला आहे. तरीही तिथल्या शस्त्रकायद्यांचा इतिहास चाळला, तर बहुतेक कायदे एखाद्या हत्येच्या किंवा सामूहिक गोळीबाराच्या धक्क्यातून जन्मलेले दिसतात. आत्महत्या रोखणे हाही शस्त्रकायद्याचा हेतू असू शकतो, हे उमगायला फार उशीर लागला. या टिपणाचा विषय प्रामुख्याने तो उशीर आहे.

आपल्याला हा इतिहास समजून घेताना एक अडचण येते. भारतात शस्त्र बाळगण्याची सुरुवातच परवान्यापासून होते. १८७८ च्या इंग्रजी कायद्याने ती चौकट घातली, १९५९ च्या कायद्याने ती स्वतंत्र भारतात कायम ठेवली आणि २०१९ च्या दुरुस्तीने एका परवानाधारकाकडील शस्त्रांची मर्यादा तीनवरून दोनवर आणली. अमेरिकेत गणित उलटे आहे. १७९१ च्या दुसऱ्या घटनादुरुस्तीमुळे शस्त्र हा तिथे हक्क मानला जातो आणि सरकारला प्रत्येक निर्बंधाचे समर्थन करावे लागते. त्यामुळे ‘सरळ बंदी का घालत नाहीत?’ या आपल्याकडे सहज विचारल्या जाणाऱ्या प्रश्नाला तिथे फारसा अर्थ उरत नाही.

केंद्रीय पातळीवरचा पहिला मोठा कायदा १९३४ चा. दारूबंदीच्या काळात फोफावलेल्या टोळ्या आणि १९२९ मधले शिकागोचे हत्याकांड यांच्या पार्श्वभूमीवर तो आला आणि त्याने मशीनगन व नळी कापलेल्या बंदुकांवर नोंदणीची सक्ती व २०० डॉलर कर लादला. त्यानंतरचा टप्पा १९६८ चा. अध्यक्ष केनेडी यांच्या हत्येसाठी वापरलेली रायफल मारेकऱ्याने मासिकातील जाहिरातीचे कुपन भरून, २१ डॉलर ४५ सेंटची मनीऑर्डर पाठवून, खोट्या नावाने टपालातून मागवली होती. एवढे उघड असूनही टपालविक्री बंद व्हायला पाच वर्षे आणि आणखी दोन हत्या लागल्या : एप्रिल १९६८ मध्ये मार्टिन ल्यूथर किंग आणि जूनमध्ये रॉबर्ट केनेडी. त्या वर्षीच्या कायद्याने गंभीर गुन्ह्यात दोषी ठरलेल्यांना आणि मनोरुग्णालयात सक्तीने दाखल केल्या गेलेल्यांना बंदूक घेण्यास मनाई केली. आजही परवानाधारक दुकानात बंदूक घेणारा माणूस काउंटरवर जो अर्ज भरतो, त्यातले प्रश्न मुख्यतः त्याच यादीतून आलेले आहेत. ते बहुतेक माणसाच्या भूतकाळाबद्दल किंवा कायदेशीर स्थितीबद्दल विचारतात. त्या दिवशी, त्या घटकेला त्याच्या मनात काय चालले आहे, हे त्या अर्जातून कळण्याची सोय नाही.

पुढचा कायदा १९८१ मध्ये अध्यक्ष रीगन यांच्यावर झालेल्या हल्ल्यातून आला. त्यात डोक्याला गोळी लागलेले प्रसिद्धिसचिव जेम्स ब्रेडी कायमचे अपंग झाले आणि त्यांनी व त्यांच्या पत्नी सारा यांनी पुढची अनेक वर्षे खरेदीदाराच्या पडताळणीसाठी झगडण्यात घालवली. ३० नोव्हेंबर १९९३ रोजी त्यांच्याच नावाचा कायदा संमत झाला. १९९८ मध्ये संगणकीय पडताळणी सुरू होईपर्यंत, जिथे स्वतंत्र पडताळणी नव्हती त्या राज्यांत पिस्तूल हाती पडण्यापूर्वी पाच दिवस थांबावे लागे. हा कायदा गुन्हेगारांना डोळ्यांसमोर ठेवून केलेला होता. पण २००० साली जेन्स लुडविग आणि फिलिप कुक या संशोधकांनी त्याचा परिणाम तपासला, तेव्हा खुनांच्या प्रमाणात त्यांना ठळक फरक आढळला नाही. फरक दिसला तो ५५ वर्षांवरील माणसांच्या बंदुकीने झालेल्या आत्महत्यांमध्ये, आणि तोही जिथे थांबण्याची मुदत नव्याने लागू झाली होती त्या राज्यांत अधिक. मला हा या सगळ्या इतिहासातला सर्वांत बोलका निष्कर्ष वाटतो. कायदेमंडळात ज्यांचा उल्लेखही फारसा झाला नव्हता, अशा म्हाताऱ्या माणसांना त्या पाच दिवसांनी आधार दिला होता.

पाच दिवसांनी असे काय बदलते? टोकाचा विचार करणारी व्यक्ती एक मार्ग बंद झाला की दुसरा शोधतेच, अशी समजूत सर्वत्र आहे, आपल्याकडेही आहे. अभ्यास तिला दुजोरा देत नाहीत. ह्यूस्टनमध्ये प्राणघातक प्रयत्नातून वाचलेल्या तरुणांशी बोलून केलेल्या, २००१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात सुमारे चौथा हिस्सा तरुणांनी सांगितले, की निर्णय आणि कृती यांच्यात पाच मिनिटेही गेली नव्हती. आणि प्रयत्नातून वाचलेल्यांपैकी सुमारे दहातले नऊजण पुढे आत्महत्येने मरत नाहीत, असे दीर्घकाळ पाठपुरावा करणारे अभ्यास सांगतात. ती घटका टळली की माणूस बहुधा वाचतो. बंदूक मात्र ती घटका टळू देत नाही. श्रीलंकेने १९९५ पासून अतिविषारी कीटकनाशकांवर बंदी घातल्यानंतर दहा वर्षांत तिथला आत्महत्यांचा दर निम्म्यावर आला. कीटकनाशकाचा डबा घरात कुठे ठेवला जातो, हा प्रश्न ज्या महाराष्ट्राने शेतकरी कुटुंबांच्या दुःखातून जवळून पाहिला आहे, त्याला हे वेगळे समजावून सांगायला नको. इस्रायलच्या सैन्याने २००६ मध्ये सुट्टीवर घरी जाणाऱ्या सैनिकांना रायफल छावणीतच ठेवायला लावली आणि तरुण सैनिकांतील आत्महत्या सुमारे ४० टक्क्यांनी घटल्या.

अमेरिकेत हे ज्ञान साठण्याची गती मुद्दाम मंदावली गेली. आर्थर केलरमन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९२ व १९९३ मध्ये दाखवून दिले होते, की घरात बंदूक असली तर त्या घरात आत्महत्येचा आणि खुनाचा धोका वाढलेला आढळतो. यावर बंदूकधारकांच्या संघटनांनी गदारोळ केला, आणि १९९६ मध्ये अर्कान्सासचे प्रतिनिधी जे डिकी यांच्या नावाने ओळखली जाणारी तरतूद अर्थसंकल्पात घुसली. तिने रोगनियंत्रण केंद्र या सरकारी आरोग्यसंस्थेला शस्त्रनियंत्रणाचा पुरस्कार करण्यासाठी पैसा वापरण्यास मनाई केली. शब्दशः पाहता संशोधनावर बंदी नव्हती. पण ही संस्था या संशोधनावर जेवढा खर्च करत असे, नेमकी तेवढीच २६ लाख डॉलरची रक्कम तिच्याकडून काढून घेतली गेली आणि सगळ्यांना इशारा समजला. खुद्द डिकी यांना पुढे पश्चात्ताप झाला. २०१२ मध्ये त्यांनी पूर्वीच्या विरोधकासह जाहीर लेख लिहून संशोधन पुन्हा सुरू करण्याची मागणी केली. संसदेने त्यासाठी स्वतंत्र निधी दिला तो २०१९ च्या अखेरीस, म्हणजे २३ वर्षांनी.

दरम्यान राज्यांनी दुसरी वाट धरली होती. घरातली बंदूक मुलांच्या हाती लागून झालेल्या लागोपाठच्या अपघातांनंतर फ्लोरिडाने १९८९ मध्ये, ती निष्काळजीपणे ठेवणाऱ्या मोठ्या माणसाला जबाबदार धरणारा पहिला कायदा केला. किशोरवयीन मुलांच्या आत्महत्यांत वापरली जाणारी बंदूक बहुधा आईवडिलांची किंवा घरातल्याच कोणाची असते. त्यामुळे विक्रीवर कितीही पहारा ठेवला तरी कपाटाला कुलूप लागल्याशिवाय ही मुले सुरक्षित होत नाहीत. यासाठी लागणारे साधन अगदी साधे आहे. प्लॅस्टिकचे वेष्टण असलेली हातभर पोलादी तार बंदुकीच्या काडतूस भरण्याच्या जागेतून ओवून घ्यायची आणि तिची दोन्ही टोके छोट्या कुलपात अडकवायची; तार आत असेपर्यंत बंदुकीत गोळी भरताच येत नाही. अनेक ठिकाणी पोलीस ठाण्यांत असे कुलूप मोफत मिळते. २००५ च्या केंद्रीय कायद्याने पिस्तुलासोबत असे काही साधन देणे दुकानदारांना बंधनकारक केले, पण ग्राहकाने ते घरी जाऊन लावलेच पाहिजे, असे तो कायदा म्हणत नाही. २००८ च्या हेलर खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने राजधानीतला कुलूपबंद बंदुकीचा नियम रद्द केला, कारण तो स्वसंरक्षण अशक्य करतो; मात्र अपघात टाळण्यासाठी साठवणुकीचे नियम करण्यास आपला निकाल आड येत नाही, असेही त्याच निकालात नमूद केले.

फ्लोरिडाने २०११ मध्ये तर डॉक्टरांनी रुग्णाला घरातल्या बंदुकीबद्दल विचारण्यावरच निर्बंध आणले. ते २०१७ मध्ये न्यायालयाने मोडून काढले. मूल दुसऱ्याच्या घरी खेळायला पाठवण्यापूर्वी ‘तुमच्याकडे बंदूक आहे का, आणि ती कुलपात असते का?’ असे विचारा, हा तिथल्या बालरोगतज्ज्ञांचा जुना सल्ला आहे. अमेरिकेत मुले वाढवणाऱ्या मराठी आईवडिलांना हा प्रश्न उद्धट वाटू शकतो, कारण असे काही विचारण्याची आपल्याला सवयच नसते. पण तो विचारण्यातच मुलाची काळजी आहे, आणि समोरचेही बहुधा तो तसाच घेतात.

कायद्याबाहेर घडलेले एक काम इथे विसरता येणार नाही. २००९ मध्ये न्यू हॅम्पशायरमधील एका दुकानातून बंदूक विकत घेतलेल्या, एकमेकांशी संबंध नसलेल्या तीन व्यक्तींनी आठवड्याभरात, खरेदीनंतर काही तासांतच आपले जीवन संपवले. हे कळल्यावर हादरलेल्या दुकानमालकाने आरोग्यक्षेत्रातील लोकांसोबत बसून, ग्राहक संकटात असल्याच्या खुणा कशा ओळखाव्यात आणि विक्री कशी नाकारावी, याची सूचनापत्रके तयार केली. आत्महत्येचे संकट ओसरेपर्यंत मित्राची बंदूक आपल्याकडे सांभाळायला घ्या, हा संदेश नेमबाजांच्या आणि शिकाऱ्यांच्या स्वतःच्या भाषेत तिथून इतर राज्यांत गेला. सरकारी पत्रकाला जे साधले नसते, ते या माणसांना साधले.

धोक्याची चिन्हे दिसली की शस्त्रे तात्पुरती काढून घेऊ देणाऱ्या ‘रेड फ्लॅग’ कायद्यांचा उगमही हिंसेतच आहे. कनेक्टिकटने असा कायदा १९९९ मध्ये राज्य लॉटरीच्या कार्यालयातील गोळीबारानंतर केला, इंडियानाने २००५ मध्ये आणि फ्लोरिडाने पार्कलंडच्या शाळेत १७ जणांचा बळी गेल्यावर २०१८ मध्ये. आज वीसहून अधिक राज्यांत न्यायालय धोक्यात असलेल्या व्यक्तीची शस्त्रे ठरावीक काळासाठी काढून घेऊ शकते. कनेक्टिकटमधील अभ्यासात असे दिसले, की दर १० ते २० जप्तींमागे एक आत्महत्या टळली असावी. संबंधिताची बाजू ऐकण्याआधीच मालमत्ता जप्त होते, ही विरोधकांची हरकत गंभीर आहे आणि म्हणूनच पहिला आदेश अल्पमुदतीचा ठेवून नंतर सुनावणीची सोय केलेली असते. जून २०२२ च्या केंद्रीय कायद्याने अशा योजनांसाठी निधी उपलब्ध केला. पुढच्याच महिन्यात ९८८ हा आत्महत्या-प्रतिबंधाचा दूरध्वनी क्रमांक देशभर सुरू झाला. भारतात त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये टेली-मानस ही मानसिक आरोग्याची दूरध्वनी-सेवा सुरू झाली. १४४१६ वर मराठीतही बोलता येते, आणि ज्या कोणाला गरज वाटते त्याने किंवा त्याच्या घरच्याने तिथे अवश्य बोलावे.

वॉशिंग्टन राज्याने २०१८ मध्ये केलेला कायदा याही पुढे जातो आणि व्हर्जिनिया व युटा यांनी तशाच तरतुदी केल्या आहेत. ज्या माणसाला आपल्या आजाराचे झटके ठाऊक आहेत, तो बरा असताना स्वतःहून अर्ज करून आपले नाव बंदूक विकू नये अशांच्या यादीत घालू शकतो. त्यानंतर दुकानदाराने पडताळणी केली की विक्री थांबते. नाव काढून घेण्याचा हक्क त्याच्याचकडे राहतो, फक्त ते लगेच काढले जात नाही. मध्ये काही दिवस जावे लागतात.