माइनक्राफ्ट क्लासिक (ब्राउझर आवृत्ती)

ठोकळे रचण्याच्या माइनक्राफ्ट या खेळाची ब्राउझरमध्ये चालणारी, मोफत जुनी आवृत्ती. स्वीडिश प्रोग्रामर मार्कस पेरसन यांनी मे २००९ मध्ये हा खेळ प्रथम लोकांपुढे आणला. त्या काळात तो वेब पानावरच, जावा अ‍ॅपलेटच्या (वेब पानात चालणाऱ्या छोट्या प्रोग्रामच्या) रूपात खेळता येई. झॅकरी बार्थ यांच्या इन्फिनिमायनर या खेळाची छाप त्यावर उघड दिसते.

पुढे अ‍ॅपलेट सुरक्षेच्या कारणावरून मागे पडले. क्रोमने २०१५ मध्ये, फायरफॉक्सने २०१७ मध्ये त्यांना दार बंद केले. मूळ खेळाचे त्याने फारसे बिघडले नाही. तो २०११ मध्येच पूर्ण स्वरूपात विक्रीला आला होता आणि २०१४ मध्ये मायक्रोसॉफ्टने तो बनवणारी मोजांग कंपनी २५० कोटी डॉलरना घेतली होती. दहाव्या वाढदिवसानिमित्त मे २०१९ मध्ये मोजांगने ०.०.२३ए_०१ ही आवृत्ती ब्राउझरसाठी पुन्हा खुली केली, जुन्या बगांसकट (प्रोग्राममधल्या चुकांसकट). लिंक पाठवून नऊ मित्रांना आपल्या जगात बोलावता येते.

भूक नाही, राक्षस नाहीत, हत्यारे घडवणे नाही. ३२ प्रकारचे ठोकळे हवे तितके मिळतात. डाव्या क्लिकने ठोकळा फुटतो, उजव्याने बसतो; ‘बी’ दाबले की सगळे ठोकळे समोर येतात, ‘एफ’ने धुके कमीजास्त होते. खरी गंमत पाण्यात आहे. समुद्राकाठी भुयार खणताना एक ठोकळा चुकीचा फोडला, की पाणी आत शिरते आणि वाट मिळेल तिथवर पसरत जाते. समुद्राची पातळी मात्र तसूभरही उतरत नाही! त्यावर इलाज स्पंजचा. तो ठेवताच सभोवारचे दोन ठोकळ्यांपर्यंतचे पाणी नाहीसे होते. नंतरच्या आवृत्त्यांतले पाणी सपाटीवर थोडे वाहून थांबते; बांधणाऱ्याला ते सोयीचे, पण क्लासिकमधली धांदल त्यात नाही.

ब्राउझरचे म्हणून काही धोकेही आहेत. पुढे चालण्याची कळ ‘डब्ल्यू’. तिच्यासोबत चुकून कंट्रोल दाबले गेले तर विंडोजवर टॅबच बंद होतो. खेळताना माउसचा बाण अडकवून ठेवलेला असतो, तो एस्केप दाबल्यावर सुटतो.

ब्राउझरमध्ये नव्या आवृत्त्या चालवून देणारी अनधिकृत रूपेही इंटरनेटवर फिरतात. त्यांना मोजांगची मान्यता नाही.