भूसंपादनातील वाजवी भरपाई

सार्वजनिक कामासाठी सरकारने घेतलेल्या जमिनीचे मोल ठरवून ते जमीनधारकाला देण्याची कायदेशीर प्रक्रिया. १८९४ च्या भूसंपादन कायद्याची जागा घेणारा २०१३ चा कायदा १ जानेवारी २०१४ पासून लागू झाला आणि आज मोबदला मुख्यतः त्यानुसार ठरतो. मिहान (नागपूर विमानतळालगतचा औद्योगिक प्रकल्प), समृद्धी महामार्ग, कोळसा खाणी आणि गोसेखुर्द धरणाचे बुडीत क्षेत्र यांमुळे नागपूर जिल्ह्यातल्या अनेक गावांना या प्रक्रियेतून जावे लागले. या विषयातला देशभर आधार मानला जाणारा एक निकालही नागपूरच्याच जमिनीवरून लागलेला आहे.

नागपूर सुधार प्रन्यास या शहर विकास संस्थेच्या १९३६ च्या कायद्याने प्रन्यासासाठी जमीन घेताना भरपाईचे वेगळे नियम लावले होते. १८९४ च्या कायद्याखाली बाजारभावावर मिळणारी १५ टक्के दिलासा रक्कम, म्हणजे जमीन सक्तीने घेतल्याबद्दलची जादा रक्कम, इथे मिळत नसे. शिवाय जमिनीचा त्या दिवशी जो वापर चालू असेल तेवढाच धरून भाव काढला जाई. म्हणजे शहर अगदी बांधाला येऊन टेकले असले, तरी वावराला भाव वावराचाच. डिसेंबर १९७२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायमूर्तींच्या पीठाने हा भेद राज्यघटनेच्या समानतेची हमी देणाऱ्या अनुच्छेद १४ चा भंग करणारा ठरवला. जमीन रुग्णालयासाठी घेतली की शाळेसाठी, एका यंत्रणेने घेतली की दुसरीने, याने मालकाला काही फरक पडत नाही, असे न्यायालयाने म्हटले. भरपाईकडे घेणाऱ्याच्या नव्हे, तर गमावणाऱ्याच्या बाजूने पाहण्याची ही रीत न्याय्य आहे आणि तिचा उपयोग पुढेही झाला. राष्ट्रीय महामार्ग कायद्याखाली दिलासा रक्कम व व्याज नाकारणारी तरतूद २०१९ मध्ये रद्द झाली, तेव्हा सर्वोच्च न्यायालयाने याच निकालाचा आधार घेतला.

सध्याच्या कायद्याच्या कलम २६ नुसार आधी बाजारमूल्य निघते. रेडीरेकनरचा (मुद्रांक शुल्कासाठी सरकारने ठरवलेला) दर आणि त्या किंवा जवळच्या गावातल्या तशाच जमिनींच्या खरेदीखतांची सरासरी, यांपैकी जो आकडा मोठा तो धरतात. खासगी कंपनी किंवा खासगी भागीदारीचा प्रकल्प असेल, तर संमतीने ठरलेली रक्कमही या तुलनेत येते. सरासरीसाठी मागच्या तीन वर्षांतली खरेदीखते घेऊन त्यांपैकी चढ्या भावाची निम्मी मोजली जातात. जमीन घेण्याचा इरादा जाहीर करणाऱ्या प्राथमिक अधिसूचनेचा दिवस हा हिशेबाचा दिवस. भाव त्यानंतर कितीही वाढला तरी तो धरत नाहीत.

कागदावर हे सरळ दिसते, पण खरी अडचण खरेदीखतातच आहे. मुद्रांक शुल्क वाचवण्यासाठी व्यवहार कमी रकमेचा दाखवण्याची सवय गावोगावी आहे आणि तोच कमी आकडा पुढे सगळ्या शिवाराचा भाव होऊन बसतो. ज्याने कधी जमीन विकलीच नाही, त्यालाही तो भोगावा लागतो. खरा बाजारभाव न दाखवणारी किंमत बाजूला ठेवण्याचा अधिकार जिल्हाधिकाऱ्यांना आहे. मात्र तसे करायला लावणारा पुरावा शेतकऱ्याने वेळेत दिला पाहिजे. वर्धा रोडसारख्या भागात उलट पेच पडतो: शेजारच्या लेआउटमधला प्लॉट चौरस फुटाने विकला जातो, वावर एकराने. प्लॉटचा दर मोठ्या शेताला लावताना रस्ते, नाल्या व मोकळ्या जागेपोटी न्यायालये कपात करतात.

मूल्याला ग्रामीण भागात १ ते २ यांमधल्या गुणांकाने गुणतात. शहरी भागात तो १ असतो. त्यात घर, विहीर, पाइपलाइन, झाडे व उभ्या पिकाची किंमत मिळवतात आणि एकूण रकमेवर १०० टक्के दिलासा रक्कम देतात. उदाहरणार्थ, जमिनीचे बाजारमूल्य १० लाख रुपये, गुणांक २ आणि विहीर-झाडांचे ५ लाख असतील, तर बेरीज २५ लाख आणि दिलासा रकमेसह ५० लाख होते. बाजारमूल्यावर वार्षिक १२ टक्के दराने मिळणारी वाढीव रक्कम वेगळी. समृद्धीसाठी थेट खरेदी करताना कायद्याने निघणाऱ्या मोबदल्यावर आणखी २५ टक्के वाढ दिली गेली.

काटोल, नरखेड, कळमेश्वरकडे संत्र्याची बाग हा मोबदल्यातला मोठा भाग ठरू शकतो. झाडाचे वय आणि ते फळावर आले आहे का, यावर किंमत बदलते. बागेच्या उत्पन्नावरूनच जमिनीचे मूल्य काढले असेल, तर झाडांचे पैसे पुन्हा वेगळे मिळत नाहीत. म्हणून संयुक्त मोजणीच्या (सरकारी खात्यांनी मिळून जागेवर येऊन केलेल्या मोजणीच्या) दिवशी मालकाने वावरात हजर राहावे, झाडांची संख्या, विहीर, बोअर नोंदवून घ्यावे आणि सातबाऱ्यावरची बागेची नोंद आधीच तपासावी. निवाड्यानंतर, म्हणजे जिल्हाधिकाऱ्यांनी मोबदला ठरवणारा निर्णय दिल्यावर, ही उणीव भरून काढणे फार जड जाते.

निवाडा मान्य नसेल तर रक्कम हरकत राखूनच उचलावी लागते. ती बिनतक्रार घेतली की वाढीव मोबदला मागण्याचा मार्ग बंद होतो. निवाड्याच्या वेळी हजर असलेल्याने ६ आठवड्यांत जिल्हाधिकाऱ्यांकडे लेखी अर्ज करायचा असतो; तो पुढे भूसंपादन प्राधिकरणाकडे जातो. प्राधिकरणाच्या निर्णयावर ६० दिवसांत उच्च न्यायालयात अपील करता येते, विदर्भापुरते ते मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात. ताबा घेऊनही पैसे दिले नसतील, तर पहिल्या वर्षी ९ टक्के आणि त्यानंतर १५ टक्के दराने व्याज द्यावे लागते.