ब्रँडोंच्या खऱ्या गुरू स्टेला ॲडलर

रत्नागिरी-मालवणकडच्या हौशी नाट्यशिबिरांत आजही ठामपणे सांगितले जाते की हॉलिवूडचे नट मार्लन ब्रँडो यांना अमेरिकी अभिनयशिक्षक ली स्ट्रासबर्ग यांनी घडवले, आणि स्वतःचे जुने दुःख उकरून काढल्याशिवाय अभिनय होत नाही. हे दोन्ही समज चुकीचे आहेत, आणि दुसरा तर दिवसभराची नोकरी करून राज्य नाट्य स्पर्धेच्या तालमीला येणाऱ्या कोवळ्या मुलांवर अन्याय करणारा आहे. ब्रँडो यांनी आपल्या घडणीचे श्रेय स्टेला ॲडलर यांना दिले. यिडिश (पूर्व युरोपातील ज्यूंची भाषा) रंगभूमीवरील नटांच्या घरात १९०१ मध्ये जन्मलेल्या या अभिनेत्रीने १९३४ मध्ये पॅरिसला खुद्द रशियन दिग्दर्शक व अभिनयगुरू स्तानिस्लावस्की यांच्याकडे काही आठवडे काम केले, आणि परतल्यावर, नटाने वैयक्तिक आठवणींपेक्षा नाटकातील परिस्थिती व कल्पनाशक्ती यांवर भिस्त ठेवावी, असे आपल्या सहकाऱ्यांना ठामपणे सांगितले. त्या सहकाऱ्यांपैकी स्ट्रासबर्ग यांना ते पटले नाही. ॲडलर यांनी मात्र १९४९ मध्ये न्यूयॉर्कला स्वतःची शाळा काढून तेच शिकवले.