कुरुत्ता इप्पेजी

जपानी मूकपट (१९२६). दिग्दर्शक तेइनोसुके किनुगासा. नावाचा अर्थ ‘वेडाचे एक पान’. कथा-पटकथेशी यासुनारी कावाबाता यांचे नाव जोडलेले आहे. पुढे १९६८ साली त्यांना साहित्याचे नोबेल मिळाले. चित्रपटाच्या वेळी ते नवसंवेदनावादी, म्हणजे इंद्रियांना जाणवणाऱ्या नव्या अनुभवावर भर देणाऱ्या, तरुण लेखकांच्या गटात होते.

एक म्हातारा खलाशी मनोरुग्णालयात झाडलोट करतो. त्याच्याच छळाने बायकोला वेड लागले, ती तिथेच कोंडलेली आहे. तिच्याजवळ राहता यावे म्हणून त्याने ही नोकरी धरली आहे. मुलगी लग्न ठरल्याचे सांगायला येते, आणि आईच्या वेडाचा बभ्रा झाला तर सोयरीक मोडेल या धास्तीने म्हातारा बायकोला पळवून न्यायचे ठरवतो. रात्री तो तिला दारापर्यंत आणतो. बाहेरचा अंधार पाहून ती घाबरते आणि आपण होऊन कोठडीत परतते. म्हाताऱ्याची भूमिका मासाओ इनोउए यांची आहे. म्हाताऱ्याला पडलेल्या एका स्वप्नात तो सगळ्या रुग्णांच्या चेहऱ्यांवर ‘नो’ या पारंपरिक जपानी नाट्यातले हसरे मुखवटे चढवतो. कोठडीभर हसू पसरते, पण मुखवट्यांखालची शरीरे तशीच झटके देत राहतात. इतके करुण दृश्य मूकपटांत क्वचितच सापडेल.

सुरुवातीलाच मुसळधार पाऊस, गजांची सावली आणि थकून कोसळेपर्यंत नाचणारी एक रुग्ण बाई यांची चित्रे भराभर एकमेकांत मिसळतात. त्यातले खरे किती आणि भास किती, हे चित्रपट वेगळे करून दाखवत नाही. पाहणाऱ्यालाही तो रुग्णांच्याच नजरेत बसवतो. दिवे अपुरे होते, म्हणून उजेड परतावा यासाठी सेटच्या भिंतींना रुपेरी रंग दिला होता.

पडद्यावर मजकुराची एकही पाटी येत नाही. तरी त्या काळच्या प्रेक्षकासमोर चित्रपट मुका नव्हता: जपानी चित्रगृहांत पडद्याशेजारी बेन्शी हा निवेदक उभा राहून गोष्ट सांगे, पात्रांचे संवादही म्हणे. आज तो आवाज नसल्याने चित्रपट मूळ होता त्याहून अधिक गूढ वाटतो, हे पाहताना ध्यानात ठेवायला हवे.

किनुगासा स्वतः ओन्नागाता, म्हणजे आपल्याकडच्या भाषेत स्त्रीपार्टी नट होते. त्यांच्या ‘जिगोकुमोन’ला १९५४ साली कान महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार मिळाला. ‘कुरुत्ता इप्पेजी’ मात्र तेव्हा हरवलेलाच होता. १९७१ साली किनुगासा यांना त्याची प्रत स्वतःच्याच घरच्या कोठारात सापडली. त्यांनी तिला संगीत जोडून ती पुन्हा प्रदर्शित केली. आज पाहायला मिळते ती हीच, मूळ चित्रपटाचा काही भाग गळालेली प्रत.