द रिंग (मूकपट, १९२७)

ॲल्फ्रेड हिचकॉकने दिग्दर्शित केलेला ब्रिटिश मूकपट. गेन्सबरो कंपनी सोडून तो जॉन मॅक्सवेल यांच्या ब्रिटिश इंटरनॅशनल पिक्चर्समध्ये आला, त्यानंतरचा हा त्याचा पहिला चित्रपट. लेखक म्हणून पडद्यावर एकट्या हिचकॉकचेच नाव आहे.

‘वन राउंड’ जॅक हा जत्रेतल्या तंबूत कोणाशीही लढणारा मुष्टियोद्धा. त्याच्यासमोर एक फेरी टिकून दाखवायची, अशी पैज असते. बॉब कॉर्बी हा ऑस्ट्रेलियन विजेता ओळख न देता तंबूत शिरतो आणि जॅकला हरवतो. जिंकलेल्या पैशांतून तो जॅकच्या प्रेयसीला नागाच्या आकाराची वाकी घेऊन देतो. तिचे लग्न जॅकशी होते, मन मात्र कॉर्बीकडे ओढ घेत राहते. अखेरची लढत लंडनच्या अल्बर्ट हॉलमध्ये होते.

कथा बेताचीच आहे. चित्रपट लक्षात राहतो तो सांगण्याच्या रीतीमुळे. इंग्रजीत ‘रिंग’ म्हणजे मुष्टियुद्धाचा आखाडा आणि लग्नाची अंगठीही. दंडावरच्या वाकीचा गोल त्यातच येतो. मराठीत हा श्लेष एका शब्दात मावत नाही. लग्नविधीत जॅक अंगठी घालत असताना दंडावरची वाकी घसरून मनगटावर येते, आणि पुढचे सगळे तिथेच कळते. तंबूतला फेऱ्यांचा फलकही असाच बोलका: एकचा आकडा वापरून मळलेला, दोनचा कोरा करकरीत, दुसऱ्या फेरीपर्यंत आजवर कोणी टिकलेलेच नसते! विजयानंतर शॅम्पेनचे पेले भरून मित्रमंडळी जॅकच्या बायकोची वाट पाहतात. ती येत नाही आणि पेल्यांतला फेस विरून जातो. या प्रसंगाला संवादपाटीची (मूकपटात मजकूर दाखवणाऱ्या पाटीची) गरजच नाही.

जॅकची भूमिका करणारा डॅनिश नट कार्ल ब्रिसन तरुणपणी खरोखरच मुष्टियोद्धा होता. नायिका लिलियन हॉल-डेव्हिस आणि कॉर्बी इयान हंटर. खरी गंमत आणतो तो जॅकच्या प्रशिक्षकाच्या भूमिकेतला गॉर्डन हार्कर. चर्चमधले त्याचे अवघडलेपण पाहण्यासारखे आहे. छायालेखक जॅक कॉक्स हिचकॉकबरोबर प्रथमच काम करत होता. पुढे हिचकॉकचा ‘ब्लॅकमेल’ही (१९२९) त्यानेच टिपला.

समीक्षकांनी वाखाणूनही तिकीटखिडकीवर चित्रपट फारसा चालला नाही. ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटने हिचकॉकच्या उपलब्ध नऊ मूकपटांचा जीर्णोद्धार केला, त्यात ‘द रिंग’ही आहे. २०१२मध्ये त्याची नवी प्रत सोवेटो किंच यांच्या जॅझ संगीताच्या साथीने लंडनमध्ये दाखवण्यात आली.