मराठा लाईट इन्फन्ट्री एकत्र लढायला जात नाही

'मराठा रेजिमेंट सीमेवर निघाली' असं वाक्य वर्षानुवर्षं फिरतं आहे. त्यामागची समजूत अशी की रेजिमेंट म्हणजे एका सेनापतीच्या हुकमाखालची एक फौज. भारतीय पायदळात तसं नाही.

रेजिमेंट हे घराणं आहे. मराठा लाईट इन्फन्ट्रीचं बेळगावचं केंद्र जवान घडवतं, परंपरा, टोपीवरचं चिन्ह आणि 'बोल श्री छत्रपती शिवाजी महाराज की जय' ही युद्धघोषणा देतं. 'कर्नल ऑफ द रेजिमेंट' हा मान आहे. ते पद सहसा सेवेतल्या वरिष्ठ जनरलकडे असतं, पण त्या नात्याने ते लढाईचा हुकूम देत नाहीत.

लढते ती पलटण, म्हणजे बटालियन. सुमारे 800 माणसं, चार रायफल कंपन्या, प्रमुख कर्नल. तिला हुकूम मिळतो तो ब्रिगेडच्या प्रमुखाकडून, म्हणजे ब्रिगेडियरकडून. एका ब्रिगेडमध्ये साधारण तीन पलटणी असतात आणि त्या बहुधा वेगवेगळ्या रेजिमेंटच्या असतात. ब्रिगेडच्या वर क्रमाने डिव्हिजन, कोअर, कमांड. 1768 साली उभी राहिलेली पहिली मराठा, 'जंगी पलटण', 1971 च्या डिसेंबरमध्ये आजच्या बांगलादेशातल्या जमालपूरला लढली ती 95 माउंटन ब्रिगेडखाली. त्याच रेजिमेंटच्या बाकीच्या पलटणी इतर ब्रिगेडींखाली होत्या.

घोळ शब्दातच आहे. रणगाडादळात आणि तोफखान्यात 'रेजिमेंट' खरोखरच पलटणीएवढं, कर्नलच्या हाताखालचं लढाऊ दल असतं. म्हणून बातमी वाचताना पलटणीचा क्रमांक शोधा. '5 मराठा' म्हणजे पाचवी पलटण, पाच रेजिमेंटी नव्हेत.