युएनचं निरीक्षक मिशन बंद कसं होतं? पात्रता, कागदपत्रं, प्रोसेस (उदाहरण दक्षिण आफ्रिका)

आधीच सांगतो, याला फॉर्म वगैरे नसतो. इलेक्शन झालं, नवीन सरकार आलं, त्यांनी अर्ज टाकला आणि युएनवाले बॅगा भरून निघाले असं होत नाही. सुरक्षा परिषदेने ठराव करून पाठवलेलं मिशन सहसा तिनेच ठराव करून गुंडाळायचं.

मुख्य पात्रता ही की नेमून दिलेलं काम म्हणजे मँडेट पूर्ण पाहिजे. म्हणून पहिला कागद मिशन सुरू करणाऱ्या ठरावाचा. दक्षिण आफ्रिकेत 'उनोम्सा' (तिथल्या युएन निरीक्षक मिशनचं नाव) आलं ऑगस्ट 1992 च्या ठराव 772 ने, आणि ते मतदानासाठी नाही बरं का, जूनमध्ये बोइपाटाँग या तिथल्या वस्तीत हत्याकांड झालं होतं, हिंसाचार थांबवायच्या कामाला हातभार म्हणून. मतदान बघायचं काम जानेवारी 1994 मध्ये ठराव 894 ने जोडलं. हे दोन्ही वाचल्याशिवाय काम संपलं की नाही ते कळणार कसं?

मग इलेक्शन. मतदान 26 ते 29 एप्रिल 1994. इंकाथा पार्टी (झुलू लोकांचा पक्ष) निवडणूक लढवायला अगदी शेवटच्या आठवड्यात तयार झाली, तोवर मतपत्रिका छापून झालेल्या, मग काय, खाली त्यांच्या नावाचं स्टिकर चिकटवलं, पुढे मोजणीतही गोंधळ आणि तक्रारी झाल्याच. तरी 6 मे ला निवडणूक बऱ्याच अंशी मुक्त आणि न्याय्य झाल्याचं जाहीर केलं ते देशाच्याच स्वतंत्र निवडणूक आयोगाने. लोक इथे गल्लत करतात. निरीक्षक निकाल लावत नाहीत, ते बघतात आणि रिपोर्ट देतात.

10 मे ला मंडेलांचा शपथविधी झाला, मिशन मात्र अजून चालूच. जूनमध्ये सरचिटणीस बुत्रोस घाली यांचा अंतिम अहवाल परिषदेपुढे आला (सगळ्यात महत्त्वाचं डॉक्युमेंट हेच) आणि 27 जूनला ठराव 930. पास व्हायला 15 पैकी 9 मतं लागतात, वर पाच कायम सदस्यांपैकी कुणाचा व्हेटो नको. इथे एकमताने झाला, आणि मिशन 'ताबडतोब' बंद, पुढची तारीख नाही.

त्याच ठरावात आणखी एक ओळ आहे, तिच्याकडे कुणी बघत नाही. 'दक्षिण आफ्रिकेचा प्रश्न' (म्हणजे तिथला वर्णभेद) हा विषयच परिषदेच्या यादीतून काढून टाकला. माझ्या मते खरी फाईल इथे बंद झाली.

बाकी गोष्टी यात शोधू नका, त्यांचे कागद वेगळे. दक्षिण आफ्रिकेला शस्त्रं विकण्यावरची बंदी त्याआधीच 25 मे ला ठराव 919 ने उठली होती, आणि आमसभेतली जागा 23 जूनला परत मिळाली, ती तर परिषदेकडून नाहीच, आमसभेकडून.